रंगभूमीवरील परदेशी अभिनेत्रीचे चरित्र मराठीत कसे लिहावे : तेरेझे गीझे यांच्या निमित्ताने

ज्या अभिनेत्रीने आपले आयुष्य मुख्यतः रंगभूमीवर घालवले, तिचे चरित्र लिहिणाऱ्याची पहिली अडचण ही असते की ज्याविषयी लिहायचे ती गोष्टच शिल्लक राहिलेली नसते. चित्रपट पुन्हा लावून पाहता येतो. प्रयोग मात्र शेवटचा पडदा पडला की संपतो. यामुळे अनेक चरित्रलेखांत नकळत एक विपर्यास घडतो. जे हाताशी सापडते, म्हणजे चित्रपटांची यादी, ती लेखाचा कणा होऊन बसते आणि जे खरोखर मोठे होते ते 'याशिवाय त्यांनी अनेक नाटकांतही कामे केली' अशा एका वाक्यात उरकले जाते. तेरेझे गीझे या जर्मन अभिनेत्रीविषयी अशा पद्धतीने लिहिले, तर एका फ्रेंच चित्रपटातील आजी आणि एका शाळेच्या कथेतील करारी मुख्याध्यापिका एवढेच त्यांचे चित्र वाचकापुढे उभे राहील. वास्तविक विसाव्या शतकातील जर्मन भाषेतल्या तीन अत्यंत महत्त्वाच्या नाटकांचे पहिले प्रयोग त्यांच्या भूमिकांनी उभे राहिले : 1941 मध्ये बेर्टोल्ट ब्रेख्त यांचे 'मदर करेज आणि तिची मुले', 1956 मध्ये स्विस नाटककार फ्रीडरिश ड्युरेनमाट यांचे 'वृद्ध स्त्रीची भेट' आणि 1962 मध्ये त्यांचेच 'भौतिकशास्त्रज्ञ'. या तिन्ही नाटकांचे शुभारंभाचे प्रयोग एकाच नाट्यगृहात, झुरिकच्या शाउश्पीलहाउसमध्ये झाले.

अशा अभिनेत्रीचे चरित्र तिच्या भूमिका, तिचे सहकारी आणि ज्या परिस्थितीत त्या भूमिका उभ्या राहिल्या ती परिस्थिती, या तीन गोष्टींच्या आधारानेच लिहावे, असे माझे ठाम मत आहे. ते प्रत्यक्षात कसे साधावे, हे गीझे यांचेच उदाहरण घेऊन पुढे मांडले आहे. विद्यार्थ्यांना, मुक्त ज्ञानकोशात लिहिणाऱ्यांना आणि नाट्यविषयक नियतकालिकांच्या लेखकांना त्याचा उपयोग व्हावा, अशी अपेक्षा आहे.

आधी प्रश्न, मग जन्मतारीख

लेखाला हात घालण्यापूर्वी या आयुष्याविषयी आपल्याला नेमके काय समजून घ्यायचे आहे, तो एक प्रश्न कागदावर लिहून ठेवावा. गीझे यांच्याबाबतीत तो प्रश्न आपसूक समोर येतो. म्युनिकमध्ये जन्मलेल्या, म्युनिकच्याच रंगभूमीवर नाव कमावलेल्या आणि शेवटी म्युनिकमध्येच निधन पावलेल्या या अभिनेत्रीच्या तीन सर्वांत मोठ्या भूमिका स्वित्झर्लंडमधल्या एका नाट्यगृहात का जन्माला आल्या? या प्रश्नाचे उत्तर शोधताना त्यांचे बालपण, हद्दपारी, विवाह, राजकारण आणि सहकारी या साऱ्यांना लेखात आपापली जागा मिळते, आणि जे या प्रश्नाशी जोडता येत नाही ते गाळण्याचे धैर्यही लेखकाला येते.

त्यानंतर तारीखवार टाचण करावे. त्यात वर्ष, शहर व नाट्यगृह, नाटक व भूमिका, दिग्दर्शक आणि त्या वेळची राजकीय घटना असे पाच रकाने असावेत. शेवटचा रकाना अनेकांना अनावश्यक वाटतो; माझ्या मते तोच सर्वाधिक बोलका असतो. 1933 या एकाच वर्षाची नोंद करून पाहावी. 1 जानेवारीला म्युनिकमध्ये 'फेफरम्यूले', म्हणजे 'मिरीची चक्की', या राजकीय उपहासाच्या कार्यक्रमाचा पहिला प्रयोग होतो. 30 जानेवारीला हिटलर चॅन्सेलर होतो. 27 फेब्रुवारीला बर्लिनमध्ये राइशस्टागची, म्हणजे संसदेची, इमारत पेटते, मार्चच्या पूर्वार्धात बव्हेरियाचे, म्हणजे म्युनिक ज्या राज्यात आहे त्याचे, सरकार नाझींच्या हाती जाते आणि त्याच महिन्यात गीझे देश सोडतात. ऑक्टोबरच्या आरंभी तोच कार्यक्रम झुरिकच्या हॉटेल हिर्शेनमध्ये पुन्हा सुरू होतो. या तारखा एकाखाली एक मांडल्या की 'नाझी राजवटीमुळे त्यांना जर्मनी सोडावी लागली' या गुळगुळीत वाक्याच्या जागी तीन महिन्यांत उलथून गेलेले एक आयुष्य दिसू लागते, आणि लेखात तेच उतरवायचे असते.

आरंभीचा काळ थोडक्यात, पण व्यवस्था समजावून

गीझे यांचा जन्म 6 मार्च 1898 रोजी म्युनिकमधील एका ज्यू कुटुंबात झाला. त्यांचे मूळ आडनाव गिफ्ट होते. रंगभूमीसाठी त्यांनी गीझे हे नाव घेतले. पहिल्या महायुद्धाच्या अखेरीस त्यांनी खाजगी शिकवणीतून अभिनयाचे धडे घेतले आणि नंतर काही वर्षे जर्मनीतल्या लहानमोठ्या शहरांच्या नाट्यगृहांत उमेदवारी केली. बालपणाविषयी यापेक्षा अधिक लिहिण्याचा मोह टाळावा. चरित्रलेखकाला बालपणात पुढच्या मोठेपणाच्या खुणा शोधण्याची सवय असते, आणि त्या खुणा बहुधा लेखकानेच मागाहून पेरलेल्या असतात.

जी गोष्ट मात्र विस्ताराने सांगितलीच पाहिजे ती जर्मन रंगभूमीची व्यवस्था. मराठी वाचकाच्या डोळ्यांसमोर व्यावसायिक नाटक म्हटले की निर्माता, त्या नाटकापुरता जमवलेला कलावंतांचा संच, प्रयोगागणिक मिळणारी नाइट आणि गावोगावचे दौरे येतात. जर्मन भाषक प्रदेशात शहराचे किंवा राज्याचे स्वतःचे नाट्यगृह असते, त्याचा स्वतःचा पगारी नटसंच असतो, आणि एकाच हंगामात अनेक नाटके आलटून पालटून होत असल्यामुळे तीच अभिनेत्री आज नायिका तर उद्या चार ओळींची मोलकरीण होते. पगारी नटांच्या जुन्या नाटक मंडळ्या ज्यांना ऐकून माहीत आहेत, त्यांना या व्यवस्थेचा काहीसा अंदाज येईल. मात्र तिथे मंडळी गावोगाव फिरत असे आणि इथे नाट्यगृह एका शहराशी बांधलेले असते. हा फरक स्पष्ट केला नाही तर गीझे यांच्या कारकिर्दीतील काही नोंदी वाचकाला चमत्कारिक वाटतील. उदाहरणार्थ, 1941 मध्ये 'मदर करेज'ची मध्यवर्ती भूमिका करणाऱ्या याच अभिनेत्रीने 1948 मध्ये त्याच झुरिकच्या रंगमंचावर ब्रेख्त यांच्या 'पुंटिला' नाटकाच्या पहिल्या प्रयोगात चोरटी दारू विकणाऱ्या एम्माची छोटी भूमिका केली. ही पदावनती मानू नये; नटसंचाच्या व्यवस्थेत असेच काम चालते.

1926 पासून 1933 पर्यंत गीझे म्युनिकच्या कामरश्पीले या नाट्यगृहात होत्या. ओटो फाल्केनबेर्ग हे तेथील प्रमुख दिग्दर्शक होते. या काळात गीझे यांची ओळख चरित्र अभिनेत्री म्हणून पक्की झाली. रूढ अर्थाने सुंदर नायिका म्हणून त्यांच्याकडे कोणी पाहिले नाही आणि त्यांनाही त्याची गरज भासली नाही. तरुण वयातच त्यांनी प्रौढ, खमक्या, व्यवहारी, कधी हसवणाऱ्या तर कधी धडकी भरवणाऱ्या स्त्रिया उभ्या केल्या. त्यांच्या बोलण्यात बव्हेरियन वळण होते, आणि ते लपवण्याऐवजी त्यांनी त्याचा उपयोग केला. लेखात हे लिहिताना 'दिसायला साधारण असूनही' अशी शब्दरचना करू नये. त्या 'असूनही'मध्ये एक असा निकष दडलेला असतो की जो पुरुष नटाला आपण कधी लावत नाही.

'मिरीची चक्की' : राजकारण तपशिलातून सांगावे

'फेफरम्यूले' हा लेखाचा पहिला मोठा भाग असावा. लेखक टोमास मान यांची कन्या एरिका मान, त्यांचे बंधू क्लाउस मान, संगीतकार माग्नुस हेनिंग आणि गीझे यांनी मिळून हा कार्यक्रम उभा केला. गाणी, स्वगते आणि छोटे प्रवेश असे त्याचे स्वरूप होते. बहुतेक संहिता एरिका मान यांची असे, त्या निवेदनही करीत, आणि कार्यक्रमातली सर्वांत ताकदीची नटी गीझे असत. हिटलरचे नाव न घेता, लोककथा आणि रूपके यांच्या आडून राजवटीवर प्रहार करणे ही त्यांची रीत होती. गीझे यांनी सादर केलेल्या गाजलेल्या पात्रांपैकी एक म्हणजे साक्षात 'मूर्खता' : माणसांवर आपली सत्ता कशी चालते, हे ती मूर्खता स्वतःच प्रेक्षकांना ऐटीत सांगते.

येथे लेखकाने दोन चुका टाळाव्यात. पहिली चूक म्हणजे सगळे श्रेय मान कुटुंबाच्या वलयाला देऊन गीझे यांना सहायक पात्र करून टाकणे. उपलब्ध साहित्यात मान कुटुंबाविषयीचा मजकूर इतका विपुल आहे की असे सहज घडते. दुसरी चूक म्हणजे स्वित्झर्लंडला केवळ सुरक्षित आसरा म्हणून रंगवणे. प्रत्यक्षात नोव्हेंबर 1934 मध्ये झुरिकमध्ये स्विस नाझीवाद्यांनी या कार्यक्रमात दंगा घातला, प्रयोग पोलीस बंदोबस्तात करावे लागले आणि पुढे झुरिक कँटनने, म्हणजे तेथील प्रांतिक सरकारने, परदेशी कलावंतांच्या राजकीय कार्यक्रमांना मनाई केली. मग ही मंडळी चेकोस्लोवाकिया, हॉलंड, बेल्जियम, लक्झेंबर्ग अशी फिरत राहिली. हजारांहून अधिक प्रयोग झाल्यानंतर युरोपातले दरवाजे एकेक करून बंद होत गेले, आणि जानेवारी 1937 मध्ये न्यूयॉर्कमध्ये इंग्रजीतून केलेला प्रयत्न अपयशी ठरला. ज्या प्रेक्षकाला हे संदर्भ आणि ही भाषा ठाऊक नव्हती, त्याच्यापर्यंत ते पोहोचणे कठीणच होते. गीझे युरोपात, झुरिकला परतल्या. हा निर्णय लेखात ठळकपणे यावा, कारण आपल्या मूळ प्रश्नाचे निम्मे उत्तर त्यातच आहे. भाषा हेच ज्या अभिनेत्रीचे साधन होते, तिला जर्मन बोलणाऱ्या शहराची गरज होती, आणि 1938 मध्ये ऑस्ट्रियाही नाझींच्या घशात गेल्यानंतर अशी शहरे स्वित्झर्लंडमध्येच उरली होती.

विवाह आणि खाजगी आयुष्य

गीझे यांनी 1936 मध्ये जॉन हॅम्पसन या इंग्रज लेखकाशी विवाह केला. चरित्रात ही नोंद नुसती टाकली तर वाचक चुकीची समजूत करून घेईल, म्हणून तिच्यामागचा कायदा सांगावा. सप्टेंबर 1935 च्या न्यूरेंबर्ग कायद्यांनी जर्मनीतील ज्यूंचे नागरिकत्वाचे हक्क काढून घेतले होते. त्या काळच्या ब्रिटिश कायद्यानुसार ब्रिटिश पुरुषाशी विवाह करणाऱ्या परदेशी स्त्रीला ब्रिटिश राष्ट्रीयत्व मिळत असे. वर्षभरापूर्वी कवी डब्ल्यू. एच. ऑडन यांनी एरिका मान यांच्याशी याच हेतूने विवाह केला होता, आणि गीझे यांचा विवाह जुळवून देण्यातही ऑडन यांचा पुढाकार होता. हॅम्पसन स्वतः समलैंगिक होते. दोघांनी संसार कधीच मांडला नाही. एका माणसाने दुसऱ्या माणसाला पासपोर्ट मिळवून दिला, आणि त्या दिवसांत पासपोर्ट म्हणजे जीव वाचणे होते.

एरिका मान आणि गीझे यांच्यात प्रेमाचे नाते होते, ही गोष्ट चरित्रकारांनी उघडपणे नोंदवलेली आहे. मराठी लेखकाने ती 'घनिष्ठ मैत्री' अशा आडपडद्याने झाकू नये आणि चवीने चघळूही नये. एका वाक्यात, सरळ शब्दांत ती सांगावी आणि पुढे जावे. याच नात्यामुळे 'मिरीची चक्की'ची मंडळी एकत्र आली आणि टिकली, एवढा त्याचा कारकिर्दीशी थेट संबंध आहे.

आणखी एक सूचना दंतकथांविषयी. हिटलरला गीझे यांचा अभिनय आवडत असे आणि त्या ज्यू आहेत हे त्याला ठाऊक नव्हते, अशी कथा वारंवार सांगितली जाते. अशा कथेने लेख चटकदार होतो, म्हणूनच ती जपून वापरावी. वापरायचीच असेल तर 'असे सांगितले जाते' या शब्दांसह, आणि तिच्यावर कोणताही निष्कर्ष उभा न करता. मी स्वतः ती गाळणे पसंत करीन. ज्या अभिनेत्रीची थोरवी सांगायला शेकडो भूमिका आहेत, तिला त्या माणसाच्या पसंतीचे प्रमाणपत्र चिकटवण्याची गरज नाही.

न पाहिलेल्या प्रयोगाविषयी लिहिण्याची रीत

आता सर्वांत अवघड भागाकडे यावे. 19 एप्रिल 1941 रोजी झुरिकमध्ये झालेला 'मदर करेज'चा प्रयोग आपण पाहिलेला नाही. 'त्यांनी ही भूमिका अजरामर केली' यासारखे वाक्य लिहिण्याचा आपल्याला अधिकार नाही, आणि त्यातून काही समजतही नाही. अशा वेळी प्रयोगाभोवतीचे चार पुरावे क्रमाने तपासावेत : संहिता, प्रयोगाची परिस्थिती, तत्कालीन परीक्षणे आणि खुद्द नाटककाराची प्रतिक्रिया.

संहिता सांगते की सतराव्या शतकातल्या तीस वर्षांच्या युद्धात सैन्यामागून माल विकत फिरणारी ही बाई युद्धावर जगते आणि त्याच युद्धात आपली तिन्ही मुले गमावते. परिस्थिती सांगते की त्या वेळी हिटलरचे सैन्य युरोपभर पसरलेले होते, युगोस्लाव्हियाने नुकतीच शरणागती पत्करली होती, ग्रीसवर हल्ला सुरू होता, आणि चहूबाजूंनी वेढलेल्या तटस्थ देशातल्या या नाट्यगृहाचा संच मोठ्या प्रमाणावर जर्मनी-ऑस्ट्रियातून पळून आलेल्या कलावंतांचा होता. दिग्दर्शक लेओपोल्ड लिंट्बेर्ग हे व्हिएन्नाचे ज्यू होते, नेपथ्यकार टेओ ओटो हे नाझींच्या आगमनानंतर जर्मनीतून आलेले होते. ब्रेख्त स्वतः त्या वेळी फिनलंडमध्ये अमेरिकेच्या व्हिसाची वाट पाहत होते आणि त्यांना हा प्रयोग पाहता आला नाही. निर्वासितांच्या संचाने आपले नाटक करण्याचे धाडस दाखवले, याची कौतुकाने नोंद मात्र त्यांनी आपल्या दैनंदिनीत केली.

परीक्षणांवरून दिसते की प्रेक्षकांनी आणि समीक्षकांनी या नाटकात आईचे दुःख पाहिले. मुले गमावूनही उभी राहणारी, ग्रीक पुराणातल्या निओबीसारखी माता त्यांना दिसली. आणि येथेच नाटककाराची प्रतिक्रिया महत्त्वाची ठरते. ब्रेख्त यांना प्रेक्षकांनी या बाईसाठी रडावे असे वाटत नव्हते. युद्धातून नफा काढू पाहणाऱ्या सामान्य माणसाचा आंधळेपणा त्यांना दाखवायचा होता. म्हणून 1949 च्या बर्लिनमधील प्रयोगासाठी, ज्यात ही भूमिका त्यांच्या पत्नी हेलेने वायगल यांनी केली, त्यांनी संहितेतच बदल केले. पाचव्या प्रवेशात जखमींना पट्ट्या बांधण्यासाठी आपल्याकडचे सदरे देणारी बाई नव्या संहितेत ते द्यायला नकार देते आणि ते तिच्याकडून हिसकावून घ्यावे लागतात. एवढ्या एका बदलावरून या भूमिकेभोवतीचा सारा वाद वाचकाला समजावून सांगता येतो.

मात्र यावरून 'ब्रेख्त यांना गीझे यांचा अभिनय पसंत पडला नाही' असा निष्कर्ष काढणे ही मोठी चूक होईल, आणि घाईने लिहिणाऱ्यांकडून ती होण्याची शक्यता बरीच आहे. त्यांनी बदल केला तो आपल्या संहितेत. ऑक्टोबर 1950 मध्ये म्युनिकच्या कामरश्पीलेमध्ये त्यांनी स्वतः हे नाटक बसवले तेव्हा शीर्षक भूमिकेसाठी त्यांना गीझे याच हव्या होत्या. बर्लिनच्या प्रयोगाची छायाचित्रे आणि टिपणे यांचा एक नमुनाग्रंथ त्यांनी तयार करवला होता आणि इतर नाट्यगृहांनी तो समोर ठेवून काम करावे अशी त्यांची अपेक्षा असे. गीझे यांनी तो नमुना अभ्यासला, त्यातले घ्यायचे ते घेतले आणि आपली स्वतःची करेज उभी केली. नमुन्याचा स्वतंत्र उपयोग कसा करावा याचे उदाहरण म्हणून ब्रेख्त यांनी त्यांच्या कामाचा आदराने उल्लेख केला आहे. लेखात या दोन अभिनेत्रींची तुलना करून एकीला श्रेष्ठ ठरवण्याच्या फंदात पडू नये. एकाच भूमिकेच्या दोन वाटा कोणत्या काळात आणि कोणत्या प्रेक्षकांसमोर तयार झाल्या, हे सांगणे अधिक मोलाचे आहे.

'अजब न्याय वर्तुळाचा' किंवा 'तीन पैशाचा तमाशा' यांमुळे मराठी प्रेक्षकाला ब्रेख्त परके नाहीत, तेव्हा त्यांच्या नाट्यविचाराची लांबलचक प्रस्तावना लेखात नको. ओळख करून द्यायची आहे ती अभिनेत्रीची.

युद्धानंतर गीझे बर्लिनर एन्साम्बल या ब्रेख्त यांच्या नाट्यसंस्थेतही आल्या. तेथे 1949 मध्ये त्यांनी मक्सिम गॉर्की यांच्या नाटकातील वास्सा झेलेझ्नोवा ही कारखानदार स्त्री साकारली आणि 1951 मध्ये गेरहार्ट हाउप्टमान यांच्या दोन नाटकांच्या जोडप्रयोगात काम केले. परंतु त्या कोणत्याही एका शहराला किंवा राजवटीला बांधल्या गेल्या नाहीत. म्युनिक हे त्यांचे घर राहिले आणि झुरिकशी असलेला संबंधही तुटला नाही.

नाटककार अभिनेत्रीसाठी लिहितो तेव्हा

29 जानेवारी 1956 रोजी ड्युरेनमाट यांच्या 'वृद्ध स्त्रीची भेट' या नाटकाचा पहिला प्रयोग झाला. दिग्दर्शक ओस्कार वेल्टरलिन होते, आणि क्लेअर त्साखानासियान ही अब्जाधीश स्त्री गीझे यांनी केली. तरुणपणी जिला फसवून गावाबाहेर घालवले ती बाई म्हातारपणी परत येते आणि आपल्या त्या प्रियकराच्या प्राणांच्या बदल्यात दरिद्री गावाला अफाट पैसा देऊ करते. कृत्रिम पाय, भोवतीचा चमत्कारिक लवाजमा आणि तिचा निर्विकार आवाज यांमुळे ही भूमिका सहज विनोदी चित्रासारखी होऊ शकते. गीझे यांच्या पिंडाला हास्य आणि भय यांचे हे मिश्रण साजेसे होते, हे 'मूर्खता' या पात्रापासूनचा त्यांचा प्रवास मांडला तर वाचकाला आपोआप कळते. टाचणाचा असाही उपयोग होतो. दोन दशकांच्या अंतरावरच्या भूमिका शेजारी ठेवल्या की अभिनेत्रीचा स्वभाव दिसू लागतो.

21 फेब्रुवारी 1962 रोजी 'भौतिकशास्त्रज्ञ' रंगमंचावर आले. त्यातील मनोरुग्णालयाची प्रमुख हे पात्र ड्युरेनमाट यांच्या मूळ कल्पनेत पुरुष होते; गीझे यांच्यासाठी त्यांनी ते बदलून डॉ. माथिल्डे फॉन त्सान्ड केले आणि नाटकही गीझे यांनाच अर्पण केले. अभिनेत्रीचा प्रभाव सिद्ध करण्यासाठी चरित्रलेखकाला याहून भक्कम पुरावा क्वचितच मिळतो. अशा पुराव्याला विशेषणांची जोड देऊ नये. घटना जशीच्या तशी सांगितली की पुरे.

चित्रपटांना त्यांची योग्य जागा

चित्रपटांचा विभाग टाळू नये, पण त्याला मर्यादेत ठेवावे. निवड करताना ज्या चित्रपटांचा त्यांच्या आयुष्याशी धागा जुळतो त्यांवर भर द्यावा. लिंट्बेर्ग यांचाच 1945 चा 'द लास्ट चान्स' हा स्विस चित्रपट इटलीतून डोंगर ओलांडून स्वित्झर्लंडमध्ये शिरू पाहणाऱ्या निर्वासितांविषयी आहे, आणि तो बनवणारे अनेकजण स्वतःच निर्वासित होते. 1958 च्या 'मेडखेन इन युनिफॉर्म'मध्ये रोमी श्नायडर आणि लिली पाल्मर यांच्यासमोर त्यांनी कडक शिस्तीची मुख्याध्यापिका केली. फ्रेंच दिग्दर्शक लुई माल यांच्या 1974 च्या 'लाकोंब ल्युसियाँ'मध्ये, व्याप्त फ्रान्समध्ये लपून राहणाऱ्या ज्यू शिंप्याची वृद्ध आई म्हणून त्या जवळजवळ न बोलता वावरतात. ज्यांना गीझे यांची ताकद आज प्रत्यक्ष पाहायची असेल त्यांनी हा चित्रपट अवश्य पाहावा. पत्ते मांडत बसलेली, घरात शिरलेल्या, जर्मनांसाठी काम करणाऱ्या ल्युसियाँ या उद्धट पोराकडे एक शब्दही न बोलता पाहणारी ही आजी काय करते आणि काय करत नाही, याची प्रवेशागणिक टिपणे काढावीत. न पाहिलेल्या रंगमंचीय भूमिकांविषयी लिहिताना त्या टिपणांचा आधार होतो; मात्र त्यांवरून 1941 च्या प्रयोगाचे कल्पित वर्णन रचू नये. माल यांनी पुढचा 'ब्लॅक मून' हा चित्रपट गीझे यांच्या स्मृतीला अर्पण केला. गीझे यांनी त्यात केलेले काम पडद्यावर येण्यापूर्वीच त्यांचे निधन झाले होते.

शेवटच्या वर्षांविषयी लिहिताना 1970 ची नोंद निसटू देऊ नये. पश्चिम बर्लिनमधील शाउब्यूने या नाट्यगृहात पेटर श्टाइन यांच्या तरुण संचाने ब्रेख्त यांचे 'आई' हे नाटक केले, तेव्हा त्यातील आईची, म्हणजे पेलागेया व्लासोवाची, भूमिका बहात्तर वर्षांच्या गीझे यांनी केली. या संचात सारे निर्णय एकत्र बसून घेतले जात, आणि आपल्या नातवंडांच्या वयाच्या नटांबरोबर त्या त्यात सामील झाल्या. ब्रेख्त यांच्या कविता व गाण्यांचे एकटीने सादर केलेले कार्यक्रमही याच उत्तरकाळातले; त्यांची ध्वनिमुद्रणे उपलब्ध आहेत आणि त्यांचा आवाज ऐकल्याशिवाय लेख पुरा करू नये. 3 मार्च 1975 रोजी म्युनिकमध्ये त्यांचे निधन झाले. दफन मात्र झुरिकच्या फ्लुन्टर्न दफनभूमीत झाले. 1988 मध्ये जर्मन टपाल खात्याने त्यांच्या स्मरणार्थ तिकीट काढले.

साधने, नावे आणि छायाचित्रे

साधनांसाठी पुणे आणि मुंबई येथील मॅक्सम्युलर भवन या जर्मन सांस्कृतिक संस्थेच्या ग्रंथालयांपासून सुरुवात करणे सोयीचे आहे. एरिका आणि क्लाउस मान यांची कागदपत्रे म्युनिकच्या मोनासेन्सिया या संग्रहात आहेत आणि ब्रेख्त यांचा दफ्तरसंग्रह बर्लिनच्या कला अकादमीत आहे. अशा संस्थांना नेमका प्रश्न विचारणारे, नाटकाचे नाव व तारीख देणारे पत्र लिहिले की उत्तर मिळण्याची शक्यता वाढते. गीझे यांच्या संभाषणांचे पुस्तक 1973 मध्ये प्रसिद्ध झाले. स्वतःविषयी बोलण्याची त्यांना फारशी आवड नव्हती, त्यामुळे त्यातील प्रत्येक विधान मोलाचे आहे. तरीही आठवणीतल्या तारखा नाट्यगृहांच्या नोंदींशी ताडून पाहाव्यात.

नावांचे लेखन जर्मन उच्चारानुसार करावे, पण 'म्युनिक'सारखी मराठीत रुळलेली रूपे बदलू नयेत, आणि एकदा ठरवलेले रूप संपूर्ण लेखात तसेच ठेवावे. नाटकांची नावे पहिल्या उल्लेखात मराठीत अर्थ कळेल अशी द्यावीत.

छायाचित्रांबाबत मात्र कसूर चालणार नाही. जर्मनीत छायाचित्रकाराच्या मृत्यूनंतर सत्तर वर्षे त्याच्या कलाकृतीला संरक्षण असते. ब्रेख्त यांच्या प्रयोगांची असंख्य छायाचित्रे रूट बेर्लाऊ यांनी काढली आणि त्यांचे निधन 1974 मध्ये झाले, म्हणजे ती छायाचित्रे 2044 च्या अखेरीपर्यंत संरक्षित आहेत. परवानगी मिळाली नाही तर छायाचित्राविना लेख प्रसिद्ध करावा आणि त्या जागी भूमिकांचा तक्ता द्यावा. त्यात वर्ष, नाट्यगृह, नाटक, भूमिका व दिग्दर्शक एवढेच असावे, ज्या नोंदीला खात्रीचा आधार नाही ती गाळावी, आणि शुभारंभाचा प्रयोग व नंतर त्याच नाटकाचे झालेले पुनःप्रयोग वेगवेगळ्या ओळींत दाखवावेत; 'मदर करेज'च्या 1941 आणि 1950 या दोन नोंदी एकत्र केल्या तर दोन निराळ्या संहिता आणि दोन निराळे दिग्दर्शक एकाच ओळीत गुंतून पडतील.